चढावर जाणारा खड्डा

तुम्ही पोरं हुशार आहात, यात वाद नाही. आमच्या काळी एक टेकडी मोजायला अकरा दिवस लागायचे, दोघं आजारी पडायचे आणि एखादा नोकरी सोडून पळायचा. तुम्ही सकाळी तो भुंगा उडवता आणि जेवायच्या आत टेकडी लॅपटॉपवर हजर. आनंद आहे. पण मघाशी ही ड्रोनवाली म्हणाली ना, की त्या एका खड्ड्यासाठी उद्या दीड किलोमीटर चालत कशाला जायचं, सॉफ्टवेअर बुजवतंच की... तेव्हा माझा घास घशात अडकला.

"काका, चुकीचा आकडा असतो तो. सगळेच बुजवतात."

सगळेच बुजवतात, बरोबर आहे तुझं. आता बसा सगळे इकडे. चष्मिस, ती खिडकी लावून घे. वारा नाहीये, माहीत आहे मला. लाव म्हटलं की लावायची.

मी थापाड्या आहे हे तुमच्या साहेबांनी तुम्हाला आल्या दिवशीच सांगितलं असेल. आमच्या घरी मी 'पाऊस पडतोय' म्हटलं तर बायको खिडकीतून हात बाहेर काढून बघते, मग छत्री देते. पण ही गोष्ट रचण्याइतकी अक्कल मला असती, तर मोजणीची पट्टी धरून उन्हात उभं राहण्यात मी तीस वर्षं घालवली नसती. घडली ती माझ्या डोळ्यांदेखत नाही. ज्याच्यावर गुदरली तो माझ्या शेजारच्या टेबलावर बसायचा.

त्याला आम्ही 'बुजवणे' म्हणायचो. आडनाव नव्हे ते, त्याचं कामच ते होतं. आम्ही रानोमाळ फिरून उंच्या मोजून आणायचो, वरून विमानातून घेतलेल्या उंच्या यायच्या, आणि हा पंख्याखाली बसून त्या सगळ्यांची जमीन करायचा. म्हणजे काय, तर सगळ्या मुलखावर तीस-तीस मीटरचे चौकोन आखायचे, घरात फरशी घालतात तसे. प्रत्येक चौकोनाला एकच आकडा, तिथली उंची. बस. त्यात झाड नाही, घर नाही, कुत्रं नाही, माणूस नाही. नुसते आकडे.

मग त्यावर पाणी सोडायचं. खोटं पाणी. प्रत्येक चौकोनाला आठ शेजारी. त्यातला जो सगळ्यांत खाली, त्याला हा आपलं पाणी देतो. तो त्याच्या खालच्याला देतो. असं करत करत नदीपर्यंत. आता एखादा चौकोन असा निघाला की त्याचे आठही शेजारी त्याच्याहून उंच... तर पाणी तिथंच अडकलं. पुढचा हिशेबच होत नाही. अशा वेळी प्रोग्राम म्हणतो, ही मोजणाऱ्यांची चूक, बुजवा. आणि बुजवणे बुजवायचा. एका दमात चार-चार हजार खड्डे. तेवढ्यात त्याचा चहासुद्धा निवायचा नाही.

"तेच तर मी म्हणतेय," ड्रोनवाली म्हणाली.

तू म्हण. मी सांगतो.

सहा वर्षं होतील. सतरा सप्टेंबर, मंगळवार. रात्रीचे नऊ वाजून चाळीस मिनिटं. बुजवणे बायकोला दवाखान्यात सोडायला गेला होता. ती नर्स, त्या आठवड्यात तिची रात्रपाळी. घरी त्याची आई आणि सात वर्षांची पोरगी. घर गावातल्या टेकडीवर, अगदी माथ्यावरचं, शेवटचं. त्याच्या वर मग आभाळच. आम्ही चिडवायचो, "बुजवणे, सगळ्या मुलखाला तू सपाट केलंस आणि स्वतः मात्र उंचावर जाऊन बसलास!" तो हसायचा. माणूस गुणी होता. आळशी होता, पण गुणी.

दवाखान्याच्या फाटकातच त्याला साहेबांचा फोन आला. वर धरणाच्या मागं तीन दिवस पावसानं झोड उठवली होती. आमच्याकडे थेंब नाही, टिपूर चांदणं. पण धरण काठोकाठ. साहेब म्हणाले, "पहाटे सहाला दरवाजे उघडणार आहेत. पाणी कुठवर येईल, कोणकोणती घरं उठवायची, त्याचा नकाशा चारच्या आत हवा. जुना चालणार नाही, यंदाच्या नव्या बांधाची उंची त्यात नाही."

"साहेब, सकाळी..."

"सकाळी लोक पोहत असतील. आत्ता जा."

बायको म्हणाली, "जा तू. आई आहेत घरी." त्यानं आईला फोन करून सांगितलं, कडी लावून घे, मी पहाटे येतो. आणि तो ऑफिसात गेला. पहारेकऱ्यानं कुलूप काढून दिलं, वर 'साहेब, भुतं नाहीत हां इथं, उंदीर आहेत' असा विनोदही केला. बुजवणे हसला. दुसऱ्या मजल्यावर जाऊन त्यानं मशीन चालू केलं.

साडेअकरापर्यंत सगळं सुरळीत. नव्या बांधाच्या उंच्या टाकल्या. बुजवण्याचा प्रोग्राम चालवला. पडद्याच्या तळाशी पाटी आली. एरवी यायची तशी: 'उरलेले खड्डे: शून्य'.

पण त्या दिवशी शून्य आलं नाही. एक आलं.

त्याला वाटलं, काहीतरी राहिलं असेल. पुन्हा चालवला. एक. त्यानं नकाशा मोठा करून तो चौकोन शोधला. नदीकाठी होता, खालच्या वस्तीच्या अलीकडे. मातीची जुनी खाण.

आणि बुजवणेनं माउसवरून हात काढून घेतला.

आता ती खाण तुम्हाला सांगायला हवी. आमच्या ऑफिसचा एक नियम होता. लहानसहान खड्डा मशीननं बुजवावा, पण दोन मीटरपेक्षा खोल खड्डा दिसला, तर आधी माणसानं पायी जाऊन बघायचं. खरंच खड्डा आहे की आकड्याची चूक. बघितल्याची सही करायची, मगच बुजवायचा. या रात्रीच्या दोन वर्षं आधी बुजवणेनं पहिला नकाशा केला तेव्हा ती खाण त्यात दिसली होती. सव्वादोन मीटर. कोणी गेलं नाही. कागदावर सही झाली, खाण बुजली, नकाशात सपाट माळ झाला. तोही जरा उंचावरचा. पाण्याच्या रेषेबाहेर.

त्याच वर्षी पाणी आलं. वस्ती उठवली, लोकांना शाळेत नेलं. खाणीकडे कोणी फिरकलं नाही, कारण नकाशात तिथं खाणच नव्हती. प्रत्यक्षात तिच्या तळाशी एक झोपडं होतं. वीटभट्टीवरच्या मजुराचं. तो त्या रात्री भट्टीवर होता. झोपड्यात त्याची बायको आणि कडेवरचं पोर.

पाणी उतरल्यावर मी गेलो होतो तिथं. झोपडं नव्हतं. ती नव्हती, पोर नव्हतं. कधीच सापडली नाहीत. पण खाणीच्या भिंतीवर ओल्या मातीत बोटं ओढल्याच्या रेघा होत्या. खालून वर. एकाच हाताच्या.

दुसऱ्या हातात पोर असणार ना.

अर्ध्या भिंतीपर्यंतच होत्या त्या.

"काका..." चष्मिस म्हणाला. "सही कुणाची होती मग? तपासलं म्हणून?"

...

"काका?"

माझी.

ऊन होतं रे त्या दिवशी. बुजवणेनं विचारलं, जाऊन येतोस का. मी म्हणालो, चुकीचा आकडा असेल, सगळेच असतात, आण इकडे कागद. एवढंच. दोघांनी मिळून वडे... नाही, ते असू दे. काय खाल्लं ते आठवतंय मला, पण ते असू दे.

चौकशी झाली. 'नैसर्गिक आपत्ती' असं लिहून फाइल मिटली. आम्ही दोघं त्यावर पुन्हा कधी बोललो नाही. शेजारी शेजारी बसायचो, पेन मागायचो, पंखा वाढव म्हणायचो. त्यावर नाही.

तर तो चौकोन पुन्हा उघडा पडला होता. सव्वादोन मीटरच.

बुजवणेनं हातानं आकडा बदलला. आजूबाजूच्या आठांची सरासरी काढून टाकली. चालवला. खड्डे, एक. पण खाणीत नाही... शेजारच्या चौकोनात. खाण बुजली होती, आणि तिच्या शेजारची धड जमीन सव्वादोन मीटर खचली होती. त्यानं तोही बुजवला. त्याच्या शेजारी उगवला. तोही बुजवला. त्याच्या शेजारी.

आता माणूस रात्री साडेबाराला काय करेल? तुम्ही काय केलं असतं?

"लूप लावला असता," ड्रोनवाली हळूच म्हणाली.

शाबास. तेच त्यानं केलं. तुमच्या जातीचाच तो. चार ओळी लिहिल्या: खड्डा शोध, बुजव, पुन्हा चालव, खड्डा उरला असेल तर पुन्हा बुजव... शून्य होईपर्यंत. एका फेरीला चार मिनिटं. लावून दिलं, आणि खाली पहारेकऱ्याजवळ चहा प्यायला गेला. तिथं गप्पा लागल्या. पहारेकऱ्याच्या मेव्हण्याची भानगड होती काहीतरी, लांबलचक. थोडा डोळाही लागला म्हणे खुर्चीत. वर आला तेव्हा अडीच वाजून गेले होते. मशीन आपलं काम करत होतं. बिचारं मशीन. सांगितलं तेवढं करतं.

एकोणतीस फेऱ्या झाल्या होत्या. खड्डे, एक.

मशीननं प्रत्येक फेरीतला चौकोन नोंदवून ठेवला होता. त्यानं ते सगळे नकाशावर टाकले. त्याला वाटलं, इकडेतिकडे विखुरलेले असतील.

रांग होती.

खाणीतून निघालेली. काठाच्या पायवाटेनं... बांधावरून... पुलाच्या कडेकडेनं... गावात. एका चौकोनापुढे एक. मध्ये एकही सुटला नव्हता. एकही दोनदा आला नव्हता.

त्यानं रांगेवरून बोट फिरवलं. मग त्याच्या लक्षात आलं, हे पाण्याच्या उलट आहे. पाणी आठ शेजाऱ्यांतल्या सगळ्यांत खालच्याकडे जातं. हे दर खेपेला सगळ्यांत उंच शेजारी निवडत होतं. दर खेपेला. चुकून एकदाही सपाटीवर नाही.

मागं पाणी चढत असलं की माणूस चालतो ना... तसं.

आणि गावात सगळ्यांत उंच जागा कोणती, हे त्याला नकाशात बघायची गरज नव्हती.

त्यानं लूप थांबवला. तेव्हा तो चौकोन टेकडीच्या रस्त्यावर होता. पाण्याच्या टाकीपाशी. तिथून त्याचं घर चार चौकोन.

तो म्हणाला, "मी स्वतःला समजावलं. आकडे आहेत हे. नुसते आकडे." मग त्यानं हुशारी केली. खड्डा आहे तिथंच राहू दे म्हणाला, आणि तसाच पाण्याचा हिशेब लावून बघितला. नाही झालं. कसं कोण जाणे, सगळं पाणी टेकडीवरच्या त्या एका चौकोनात शिरलं आणि गडप. नदीला थेंब उतरेना. खालची वस्ती नकाशात कोरडी ठणठणीत. अकराशे घरं. तसा नकाशा पाठवला तर एकाही दारावर थाप पडणार नव्हती.

तीन वाजून पाच मिनिटं. साहेबांचा फोन. "झालं का?"

"साहेब, एक खड्डा..."

"अरे तुझं नाव काय, काम काय! बुजव आणि पाठव. माणसं गाड्या घेऊन उभी आहेत इथं."

त्यानं फोन ठेवला आणि घरी लावला. पहिल्याच रिंगला आईनं उचलला.

"अगं, जागी कशी?"

"तुलाच लावणार होते आत्ता. छकुली पाणी मागत उठली, म्हणून मीही उठले. अरे, त्या टाकीपाशी कोण उभं आहे रे?"

...

"ऐकतोयस ना? बाई आहे. कडेवर पोर आहे. पार भिजलीय बिचारी. केस नुसते निथळताहेत."

"आई... पाऊस पडतोय का तिकडे?"

"कुठला पाऊस? चांदणं पडलंय की पिठासारखं."

"कडी आहे ना लावलेली?"

"आहे. बोलावते तिला आत. पोराला तरी काहीतरी गुंडाळायला..."

"नको!"

"अरे, ओरडतोस काय असा? लहान मूल आहे तिच्याजवळ."

"आई, तुला माझी शपथ. दार उघडू नकोस. तिला बोलावू नकोस. छकुलीला घे आणि आत बस."

"काय झालंय? कोण आहे ती? तुला माहीत आहे का?"

फोन कानाला, दुसरा हात माउसवर. समोर घड्याळ. तीन वाजून अकरा. अकराशे घरं. त्यानं एक फेरी लावली... चार मिनिटं नुसता आईचा श्वास ऐकू येत होता.

फेरी संपली.

"पुढं आली रे," आई म्हणाली. "दिव्याच्या खांबापाशी. चालताना दिसली नाही मला. आली."

तीन चौकोन.

आता सांगा. थांबवलं तर खालची वस्ती बुडते. चालवलं तर... काय होतं ते कुणालाच माहीत नाही. तो मला म्हणाला, "मला मागं नेता आली असती तर नेली असती. पण मागं पाणी होतं. मागं मीच पाणी सोडणार होतो."

दुसरी फेरी. चार मिनिटं.

"फाटकात आहे," आई म्हणाली. हळू. अगदी हळू. "छकुली बघतेय खिडकीतून. मी ओढलं तिला. येत नाही."

"तोंड दिसतंय का?"

"माझ्याकडे बघतच नाही ती. छपराकडे बघतेय. वर... नुसती वर."

तिसरी.



"आई."

...

"आई!"

"दारात आहे." कुजबुजली. "दार वाजवत नाहीये. हात फिरवतेय दारावर... खालून वर. खालून वर. अरे, पोराचा आवाज नाही येत. उघडू दे ना मला. काय मागतेय ती? उभी राहीन म्हणतेय नुसती. उघडू दे रे..."

एकच चौकोन राहिला होता. त्याचं घर.

आणि मग बुजवणेनं जे केलं, ते कोणी केलं नसतं, असं मी म्हणणार नाही. मी केलं असतं. त्यानं स्वतःच्या घराच्या चौकोनावर बोट ठेवलं आणि आकडा पुसला. माथ्यावरचं घर त्यानं रस्त्याच्या खाली नेलं. आठ मीटर खाली. एका बाजूनं उतार ठेवला, म्हणजे प्रोग्रामला तो खड्डा वाटणार नाही. ती उंच जागा शोधत होती ना? उंच जागाच काढून घेतली. पुन्हा एकदा खोटा आकडा. कागदावर.

फेरी लावली.

दुसऱ्या मिनिटाला आई म्हणाली, "माझ्या कानात दडे बसले रे. घाट उतरताना बसतात तसे."

"छकुली?"

"तीही कान धरून बसलीय."

...

"आई, ती?"

"मागं सरली." मग... "आता आमच्याकडे बघतेय. खाली वाकून. अरे, ही खाली वाकून का बघतेय? फाटकातच उभी आहे ना ती?"

...

"वळली. चालली."

"कुठं?"

"वर. चढावर."

"आई... आपल्या घराच्या वर चढ कुठाय?"



समोर पाटी आली. उरलेले खड्डे: शून्य.

तीन वाजून बावन्न मिनिटांनी नकाशा गेला. अकराशे घरं उठवली. म्हशी, कोंबड्या, टीव्ही, सगळं हलवलं. सहाला दरवाजे उघडले, पाणी आलं, वस्तीत कमरेइतकं भरलं. एक माणूस गेला नाही. साहेबांनी सगळ्यांसमोर बुजवणेची पाठ थोपटली. मी टाळ्या वाजवल्या. त्याच्याकडे बघितलं तर तो माझ्याकडेच बघत होता.

जिन्यात गाठून त्यानं मला सगळं सांगितलं. एका दमात.

घरी दोघी सुखरूप होत्या. तशा अजूनही आहेत. छकुली आता आठवीत जाईल. आईचं मात्र... आई त्याच्याशी बोलायची, नाही असं नाही. जेवायला वाढायची. पण खाणीचं सगळं तिला त्यानं सांगितलं तेव्हा ती एवढंच म्हणाली, "फोनवर सांगायचंस मला. मी उघडलं असतं." त्यानंतर तिनं रात्री कडी लावायची सोडून दिली. तो लावायचा, ती काढायची. तो पुन्हा लावायचा. महिनाभर चाललं. कोणी आलं नाही.

नंतर त्यानं नकाशातला आकडा परत जागेवर ठेवायचा प्रयत्न केला. माझ्यासमोर. जुनी उंची टाकली, जतन केली, बंद केली, उघडली. आठ मीटर खालीच. मी टाकून बघितली. खालीच. ऑफिसात एक नव्या इंजिनिअर बाई आल्या होत्या, त्यांना बोलावलं, त्या म्हणाल्या, फाइल बिघडलीय, मुळापासून करू. मुळापासून केली. डोंगर आला, नदी आली, खाण आली बरोब्बर सव्वादोन मीटर. बुजवणेचं घर... खाली.

त्यानं साहेबांना सगळं लिहून दिलं. सही माझी होती, पण त्यानं माझं नाव घातलं नाही. मी त्याच कागदाखाली दुसरी सही केली. साहेबांनी वाचलं, चष्मा पुसला आणि शेरा मारला: 'सदर खाण पुराच्या गाळाने भरली असून खड्डा आता अस्तित्वात नाही. प्रकरण बंद.'

मजुराला शोधायला गेलो आम्ही. भट्टी बंद पडली होती. तो कुठं गेला कोणी सांगेना. कुणाची माफी मागायची, तेच राहिलं नाही.

मग घरात ओल यायला लागली. उन्हाळ्यात. टेकडीच्या माथ्यावर, विचार करा. गवंडी झाला, नळवाला झाला, नळवाल्याचा सासरा झाला. नळ कुठं फुटलेला नाही, टाकी गळत नाही. शेवटी तिसऱ्या वर्षी त्यांनी घर सोडलं. भाड्यानं जाईना, विकलं जाईना. आता नुसतं उघडं पडलंय. दाराची कडीसुद्धा कोणी काढून नेली.

"तुम्ही गेला होतात?" ड्रोनवालीनं विचारलं.

गेलो होतो. निवृत्त झालो त्याच्या दुसऱ्या दिवशी. एकटा. सकाळी दहा वाजता, लख्ख उन्हात. रात्री जायला मी काही वेडा नाही. उंच्या मोजायची दुर्बीण आणि पट्टी घेऊन गेलो. मशीनवर माझा विश्वास राहिला नव्हता, माझ्या डोळ्यांवर होता. दाराच्या पायरीपासून फाटकापर्यंत मोजलं, फाटकापासून खांबापर्यंत, खांबापासून टाकीपर्यंत. तीनदा मोजलं. तीस वर्षं तेच केलंय, त्यात माझी चूक होत नाही. जमीन जशी होती तशी होती. घर माथ्यावर. दारापासून रस्ता खाली उतरतो, सरळ उतरतो. आंधळ्यालाही पायाला कळेल इतका.

दुर्बीण आवरली. घामाघूम झालो होतो. फाटकाजवळ उभा राहून पाणी प्यायलो, आणि बाटलीत उरलं होतं ते रस्त्यावर ओतलं. तसं काही मनात नव्हतं. उरलं म्हणून ओतलं.

पाणी चढावर गेलं.

घाईनं नाही. थांबत... थांबत. मी बाजूनं चालत होतो. फाटकातून आत गेलं. पायरी चढलं. एक. दोन. तीन. दार सताड उघडं होतं, आतली फरशी दिसत होती, अडवायला काही म्हणजे काही नव्हतं.

उंबऱ्यापाशी थांबलं, ती थांबली होती तिथंच.

मी सुकेपर्यंत उभा होतो तिथं. आत नाही गेलं.